पियानोमागील सूत्रधार

खेळाची सारी सूत्रे ज्याच्या हाती असतात, तो स्वतः कोणाच्या दृष्टीस पडू नये, ही कळसूत्री बाहुल्यांच्या कलेची पहिली अट आहे. आपल्या भाषेने या अदृश्य माणसास बराच मोठा मान दिलेला आहे. नाटकाच्या प्रारंभी प्रवेश करतो तो सूत्रधार, आणि मोठमोठी कारस्थाने पडद्याआडून चालवितो तोही सूत्रधारच. परंतु शब्दाला मान मिळाला म्हणून माणसाला मिळतोच असे नाही. आज ज्या बाईंची ओळख मी करून देणार आहे, त्यांच्या बाबतीत हा अनुभव विशेष स्पष्टपणे येतो. त्यांचे नाव ॲन होगार्थ.

इंग्लंडमध्ये दूरचित्रवाणी अगदी बाल्यावस्थेत होती त्या काळी, म्हणजे १९४६ पासून १९५५ च्या आरंभापर्यंत, मुलांसाठी होणाऱ्या कार्यक्रमात एका मोठ्या पियानोच्या झाकणावर एक लाकडी खेचर नाचत असे. खेचराचे नाव मफिन. मफिन म्हणजे चहाच्या वेळी भाजून, लोणी लावून खाण्याची एक गोल पावरोटी. तेव्हा नावातच थोडा पोरकटपणा होता, आणि तो मुद्दाम ठेवलेला होता. पियानोशी बसून गाणी म्हणणाऱ्या बाई होत्या ॲनेट मिल्स. त्या काळी लहान असलेल्या इंग्रज माणसास मफिनचे नाव सांगितले, तर त्याची मुद्रा उजळते. मिल्सबाईंचे नावही पुष्कळांना आठवते. मात्र ज्या हातांनी ते खेचर चालत होते, मान डोलावीत होते, रुसत होते आणि लाथा झाडीत होते, ते हात कोणाचे हे विचारले तर बहुतेकांना उत्तर सुचत नाही. वास्तविक त्यांचे नाव कोणी लपवून ठेवले नव्हते. त्यांची कलाच अशी होती, की ती जितकी उत्तम वठावी, तितके कलावंताचे विस्मरण अधिक व्हावे.

होगार्थबाईंचा जन्म १९१० साली इंग्लंडच्या सरे परगण्यातील फ्रेन्शॅम या गावी झाला. तरुणपणी त्या लंडनमधील प्लेअर्स थिएटर या नाट्यगृहात रंगमंच-व्यवस्थापकाचे काम पाहत असत. हे काम कोणते, हे नाटकाशी ज्यांचा संबंध आला आहे त्यांना सांगावयास नको. पात्रांचे प्रवेश, सामानसुमान, दिव्यांच्या खुणा, पडद्याची वेळ, हे सर्व सांभाळावयाचे. आणि स्वतः मात्र विंगेच्या बाहेर पाऊल टाकावयाचे नाही. पुढील आयुष्यभर त्यांना जे करावे लागले त्याची ही पूर्वतयारीच होती, असे म्हणावयास हरकत नाही. त्यांच्या सहजीवनाचे आणि सहव्यवसायाचे भागीदार झाले यान बसेल. या दोघांनी १९३२ मध्ये ‘होगार्थ पपेट्स’ या नावाने बाहुल्यांची मंडळी काढली. मंडळीस नाव पत्नीचे दिले गेले, ही गोष्ट त्या काळाच्या मानाने ध्यानात घेण्याजोगी आहे.

बाहुल्यांच्या खेळाची युरोपातील स्थिती त्या वेळी काही फार चांगली नव्हती. एकोणिसाव्या शतकात गावोगाव हिंडणाऱ्या कळसूत्री मंडळ्या एकामागून एक मोडत गेल्या होत्या. समुद्रकिनाऱ्यावर ‘पंच आणि ज्युडी’चा हातबाहुल्यांचा दांडगाईचा तमाशा तेवढा तग धरून होता. चित्रपटाने उरलेला प्रेक्षकही ओढून नेला. तथापि १९२० नंतर काही सुशिक्षित मंडळींना या कलेची नव्याने गोडी लागली, आणि १९२५ मध्ये इंग्लंडात बाहुलीकारांचा एक संघही स्थापन झाला. होगार्थ आणि बसेल हे या नव्या पिढीतील. वंशपरंपरेने दोरी हाती आलेल्यांपैकी ते नव्हते. त्यांनी ती आपण होऊन हाती घेतली.

१९३३ मध्ये या दांपत्याने फ्रेड टिक्नर नावाच्या कारागिराकडून सर्कशीच्या एका खेळासाठी एक खेचर करवून घेतले. टिक्नर हे पंच आणि ज्युडीच्या बाहुल्या घडविण्यात वाकबगार. परंतु सर्कशीचा तो खेळ लवकरच बाजूला पडला, आणि खेचर पेटीत गेले. त्यानंतर पुष्कळ वर्षे ते तेथेच होते. मध्यंतरी एक महायुद्ध होऊन गेले.

आता थोडे दूरचित्रवाणीविषयी सांगितले पाहिजे. ब्रिटिश ब्रॉडकास्टिंग कॉर्पोरेशनने, ज्या संस्थेस आपण बी. बी. सी. म्हणतो तिने, २ नोव्हेंबर १९३६ रोजी लंडनच्या उत्तरेस असलेल्या अलेक्झांड्रा पॅलेस या टेकडीवरील जुन्या प्रासादातून नियमित दूरचित्रक्षेपण सुरू केले. यान बसेल हे युद्धापूर्वीच तेथे निर्माते म्हणून काम करू लागले होते. मुलांसाठी ‘फॉर द चिल्ड्रेन’ हा कार्यक्रम १९३७ मध्ये निघाला. १ सप्टेंबर १९३९ रोजी, युद्धाच्या उंबरठ्यावर, हे सारे एकाएकी बंद करण्यात आले. त्या वेळी सर्व लंडन मिळून सुमारे २० हजार संच असावेत असा अंदाज आहे. ७ जून १९४६ रोजी पुन्हा प्रारंभ झाला. १९४७ च्या मार्चअखेर दूरचित्रवाणीचे परवाने होते केवळ साडेचौदा हजारांच्या आसपास. लंडनच्या परिसराबाहेर चित्र पोचतच नव्हते. मध्य इंग्लंडसाठी सटन कोल्डफील्डचे केंद्र उघडण्यास १९४९ चा डिसेंबर उजाडावा लागला. म्हणजे मफिन प्रथम नाचला तेव्हा त्याला पाहणारी मुले एखाद्या मध्यम शहरातील मुलांहून अधिक नव्हती.

या नव्याने सुरू झालेल्या सेवेत मुलांना गाणी म्हणून दाखविण्याचे काम ॲनेट मिल्स यांच्याकडे आले. या बाईंची कहाणीही थोडक्यात ऐकण्यासारखी आहे. त्यांचा जन्म १८९४ चा. प्रसिद्ध चित्रपट-नट जॉन मिल्स यांच्या त्या वडील बहीण. आरंभी त्या नर्तकी होत्या. दक्षिण आफ्रिकेत केपटाउन येथे नाचत असता पाय मोडला आणि नृत्याचा व्यवसाय संपला. मग त्या गीते रचू लागल्या. ‘बूम्प्स-अ-डेझी’ हे १९३९ मध्ये इंग्लंडभर गाजलेले नाचाचे गाणे त्यांचेच. युद्धकाळात, १९४२ मध्ये, सैनिकांच्या करमणुकीसाठी जात असता त्यांच्या मोटारीस अपघात झाला, आणि त्यानंतर फार मोठा काळ त्यांना अंथरुणावर काढावा लागला. नाचणे तर केव्हाच सुटले होते. उरले होते ते दोन हात, आवाज आणि पियानो.

परंतु दूरचित्रवाणीत केवळ आवाजाने भागत नाही. बसून गाणारी बाई किती वेळ पाहत राहावी? तीसुद्धा मुलांनी! डोळ्यांना काहीतरी हवे होते. त्यासाठी मिल्सबाईंनी होगार्थ-बसेल यांचे साहाय्य घेतले, आणि पेटीतील ते जुने खेचर बाहेर आले. त्याला मफिन हे नाव मिल्सबाईंनी दिले. २० ऑक्टोबर १९४६ रोजी, रविवारी, ‘फॉर द चिल्ड्रेन’ या कार्यक्रमात ते प्रथम दिसले. ज्या बाईंचे पाय नाचू शकत नव्हते त्यांच्या पियानोवर चार लाकडी पाय नाचू लागले. हा योगायोग खरा. पण त्यात काव्य शोधण्यापेक्षा व्यवहार पाहणे अधिक बरे. पियानोचे झाकण ही एक सपाट, पुरेशी उंच आणि टणक जागा होती. बसलेल्या बाईंच्या मुखाच्या बरोबरीला तेथे बाहुली येई, त्यामुळे दोघेही एकाच चौकटीत मावत. आणि खुरांचा टपटप आवाज त्या लाकडावर अगदी नेमका उमटे.

पियानोच्या मागे, उंचावर, एका आडपडद्याच्या पाठीमागे होगार्थबाई उभ्या राहत. त्यांच्या कामाचे स्वरूप नीट समजावे म्हणून कळसूत्री बाहुली चालते तरी कशी, हे जरा विस्ताराने सांगतो.

हातमोज्यासारखी घालावयाची बाहुली ही हाताचाच एक भाग असते. बोट हलले की तिची मान हलते. कळसूत्री बाहुलीचे तसे नाही. तिच्यात आणि सूत्रधारात तीन-चार फुटांची दोरी असते, आणि दोरीचा गुण असा, की तिने ओढता येते, ढकलता येत नाही. बाहुलीचा पाय वर उचलता येतो. परंतु खाली आणणे हे काम सूत्रधाराचे नव्हे, ते पृथ्वीच्या आकर्षणाचे. म्हणजे अर्धी क्रिया माणसाची आणि अर्धी निसर्गाची. लोंबणारा प्रत्येक अवयव हा एक लंबक होय, आणि लंबकाचा झोका किती वेळात पुरा होणार हे त्याच्या लांबीवर ठरलेले असते. वीतभर लांबीचा पाय माणसाच्या पायापेक्षा पुष्कळच लवकर झुलतो. त्याला त्याच्या स्वाभाविक गतीपेक्षा घाईने किंवा सावकाश चालविण्याचा हट्ट धरला की तो लटपटतो, आणि बाहुली जिवंत न वाटता कोणी तरी हलवीत असलेले लाकूड वाटू लागते. म्हणून कुशल सूत्रधार दोरीवर जुलूम करीत नाही. लाकडाला स्वतःहून जी हालचाल करावीशी वाटते ती ओळखून तो तिला किंचित वळण देतो.

दुसरी अडचण जमिनीची. बाहुली अधांतरी लोंबत असल्यामुळे तिचे पाय जमिनीला नेमके टेकलेले राखणे हेच सर्वांत अवघड. हात अर्धा इंच वर गेला की ती तरंगू लागते. अर्धा इंच खाली आला की तिचे गुडघे मोडतात. तरंगणारी बाहुली मुलांना ताबडतोब कळते. मफिनच्या बाबतीत तर या चुकीची चहाडी कानही करीत, कारण खुरांचा आवाज बंद पडे. शिवाय पियानो वाजत असे. खुरांचा ठेका सुरांच्या ठेक्याशी जुळला नाही तर ते लपविण्यास जागाच नव्हती.

तिसरी अडचण चतुष्पादाची. माणसाची बाहुली दोन पायांवर चालते. तिचे पाय आळीपाळीने उचलले की भागते. चार पायांच्या जनावराची चाल गुंतागुंतीची असते. पुढील पायांना गती दिली, तर मागील पाय धडाच्या कलाने येतात. धड पुढे झुकले की मागचा भाग हलका होतो, आणि एक छोटासा हिसका दिला की दोन्ही लाथा हवेत! मफिनची लाथ हा त्याच्या स्वभावाचा मोठा भाग होता. ती लाथ म्हणजे मनगटाची एक कलाटणी. मान, पाठ आणि पाय यांच्या दोऱ्या ज्या लाकडी पट्टीस बांधलेल्या असतात ती पट्टी एका हाती धरून किती तऱ्हांनी झुकविता येते, यावर खेचराचा सारा स्वभाव अवलंबून असे. त्यातून सूत्रधार बाहुलीकडे पाहतो तो वरून आणि मागून. समोरच्या मुलांना जे दिसते ते त्याला कधीच दिसत नाही.

आणि हे खेचर बोलत नसे. माझ्या मते या सर्व योजनेतील हीच सर्वांत विचारपूर्वक केलेली गोष्ट होय. मफिनला आवाज दिला गेला नव्हता. काही सांगावयाचे असले की तो मिल्सबाईंच्या कानाशी तोंड नेई. त्या ऐकल्यासारखे करीत, आश्चर्य दाखवीत, कधी त्याला रागे भरीत, आणि मग मुलांना सांगत, की मफिन असे असे म्हणतो आहे. मुलांना कुजबूज ऐकू येत नसे, पण तो काहीतरी बोलला याविषयी तिळमात्र शंका येत नसे. ही शंका न येऊ देणे हे कोणाचे काम? मिल्सबाईंचे अर्धे, उरलेले अर्धे होगार्थबाईंचे. कानाशी नेलेली मान किती वेळ तेथे स्थिर राहावी, बोलणे लांबले तर मध्येच एकदा हलावी की दोनदा, नकार देताना ती प्रथम कोणत्या बाजूस जावी, लबाडी पकडली गेली की खाली किती झुकावी, हे सर्व ठरविणारी दृष्टी पडद्यामागे होती. आवाज देणारा नट शब्दांच्या आधाराने पुष्कळ निभावून नेतो. येथे शब्द नव्हते. चेहरा होता तोही लाकडाचा, कधीही न बदलणारा. एवढ्या साधनांवर होगार्थबाईंनी एक हट्टी, प्रेमळ, थोडा आगाऊ आणि पुष्कळसा लबाड प्राणी उभा केला, आणि लक्षावधी मुलांनी तो खरा मानला. याला अभिनय म्हणावयाचे नाही तर कशाला म्हणावयाचे?

दोन बायकांमधील हा संवाद विलक्षण होता. एकीचे तोंड प्रेक्षकांकडे, दुसरी पडद्याआड, आणि दोघींमधील सारा विनिमय एका लाकडी प्राण्याच्या मध्यस्थीने. एकीने विनोद केला की दुसरीने क्षणाचाही विलंब न लावता मफिनकरवी त्याला उत्तर द्यावयाचे.

क्षणाचाही विलंब चालत नसे याचे कारण हे सर्व प्रत्यक्ष चालू असताना प्रक्षेपित होत असे. चित्र साठवून ठेवण्याची सोय त्या वेळी दूरचित्रवाणीजवळ जवळजवळ नव्हतीच; दूरचित्र फिल्मवर उतरविण्याचे पहिले प्रयोग बी. बी. सी. ने १९४७ मध्ये केले. दोरी गुंतली तर पुन्हा घेऊ म्हणण्याची मुभा नव्हती. अलेक्झांड्रा पॅलेसमधील कॅमेऱ्यांना फार प्रखर उजेड लागे, आणि त्या दिव्यांच्या धगीत हात लांब धरून, डोके खाली घालून उभे राहावयाचे. मफिनबरोबर पुढे इतरही प्राणी आले. पेरेग्रिन नावाचा विद्वत्तेची घमेंड मिरविणारा पेंग्विन, लुईझ ही कोकरी, ऑस्वल्ड हा शहामृग, सॅली ही समुद्रसिंहीण, हे त्यांपैकी काही. प्रत्येकाच्या दोऱ्या निराळ्या, वजन निराळे, स्वभाव निराळा. शहामृगाची लांब मान आणि खेचराची आखूड मान एकाच हाताला एकाच कार्यक्रमात सांभाळावी लागे.

दोऱ्या दिसत नव्हत्या काय, असा प्रश्न साहजिकच मनात येईल. त्या काळचे चित्र ४०५ रेषांचे असे, आणि त्यांपैकी प्रत्यक्ष चित्रासाठी ३७७ वापरल्या जात. समजा कॅमेऱ्यात वरपासून खालपर्यंत एक मीटर उंचीचा भाग दिसतो आहे. तर एका रेषेच्या वाट्यास अडीच मिलीमीटरांहून थोडी अधिक जागा येते. आडव्या दिशेनेही तपशील साधारण तेवढाच सूक्ष्म पोचे. अर्ध्या मिलीमीटरचा दोरा अशा चित्रात विरून जावा, हे गणित झाले. पण चकचकीत दोऱ्यावर दिवा पडला, अथवा पाठीमागची बाजू काळोखी असली, की तो दिसे. जी थोडी चित्रे आज फिल्मवर शिल्लक आहेत त्यांतही तो दिसतो. मुलांचे त्यावाचून काही अडले नाही. मूल दोरी पाहते आणि तिच्याकडे दुर्लक्ष करते. हे दुर्लक्ष फसल्यामुळे नव्हे, तर खेळाचा नियम म्हणून ते आपखुषीने करीत असते. मोठ्यांचे दुर्लक्ष मात्र निराळ्या जातीचे. त्यांनी दोरीकडे दुर्लक्ष केले आणि दोरीच्या टोकाला असलेल्या बाईंकडेही केले.

मफिनची कीर्ती किती पसरली याची कल्पना बाजारावरून येते. १९५० च्या सुमारास इंग्लंडातील दूरचित्रवाणी-परवान्यांची संख्या साडेतीन लाखांच्या जवळ आली होती. १९५३ मध्ये राणीचा राज्याभिषेक झाला, तो पाहण्यासाठी लोकांनी संच विकत घेण्याची गर्दी केली. १९५५ मध्ये ती संख्या ४५ लाखांवर गेली. मफिनची पुस्तके निघाली, खेळ निघाले. लेस्नी या कारखान्याने ओतीव धातूचा एक छोटा मफिन तयार केला. त्यालाही दोऱ्या होत्या, म्हणजे घरोघरी मुले स्वतः त्याला नाचवू शकत. दूरचित्रवाणीवरील पात्राच्या नावावर मुलांना माल विकण्याचा जो प्रचंड व्यवसाय आज जगभर दिसतो, त्याच्या इंग्लंडातील अगदी पहिल्या उदाहरणांत या खेचराची गणना होते. त्या धातूच्या खेळण्यात मला एक गंमत वाटते. सहा-सात वर्षांच्या मुलाने ती पट्टी हातात धरली, आणि खेचर धड उभेही राहीना, की होगार्थबाई काय करीत होत्या हे त्याला कोणत्याही भाषणापेक्षा अधिक चांगले समजले असेल.

होगार्थबाई केवळ दोऱ्याच हलवीत होत्या असेही नव्हे. मफिनच्या गोष्टी त्यांनी लिहिल्या, आणि त्यांच्या नावाने मफिनची पुस्तकेही प्रसिद्ध झाली. गाणी मिल्सबाईंची, आणि खेचराची चाल, स्वभाव व खोड्या पुष्कळ अंशी यांच्या. अशा जोडकामात कोणाचे किती हे तराजूत घालून सांगता येत नाही. पण जिचा चेहरा दिसतो तिच्या नावे सर्व जमा होते, ही जगाची रीत येथेही चुकली नाही.

१० जानेवारी १९५५ रोजी ॲनेट मिल्स निवर्तल्या. अगदी अखेरपर्यंत त्या काम करीत होत्या. त्यांच्या मृत्यूबरोबर बी. बी. सी. वरील मफिनचा कार्यक्रमही संपला. सूत्रधार हयात होती, बाहुली शाबूत होती, खेळ येत होता. परंतु ज्या कानात कुजबुजावयाचे तो कान उरला नाही. नव्याने सुरू झालेल्या व्यापारी दूरचित्रवाणीवर मफिन पुढे काही काळ दिसला, पण पूर्वीची जागा त्याला मिळाली नाही. यावरून मिल्सबाईंचे महत्त्व सिद्ध होते असे कोणी म्हणेल, आणि ते खरेच आहे. मात्र याच्या उलट घडले असते, म्हणजे होगार्थबाई प्रथम गेल्या असत्या, तर खेचर एका बाजूला कलंडून पडले असते, आणि कारण काय हे पुष्कळ मुलांना कळलेही नसते.

त्या काळात असे अदृश्य कलावंत आणखीही होते. १९५० मध्ये ‘अँडी पँडी’ हा लहानग्यांचा कार्यक्रम निघाला. त्यातील बाहुल्या ऑड्री ॲटरबरी चालवीत आणि गाणी ग्लॅडिस व्हिट्रेड म्हणत. १९५२ मध्ये ‘फ्लॉवर पॉट मेन’ हा कुंडीत राहणाऱ्या दोन बाहुल्यांचा कार्यक्रम सुरू झाला. त्या दोघांची बोबडी, विचित्र भाषा पीटर हॉकिन्स यांच्या मुखातून निघाली, आणि याच हॉकिन्स यांनी पुढे १९६३ मध्ये ‘डॉक्टर हू’ या मालिकेतील डॅलेक नावाच्या क्रूर यंत्रांना आवाज दिला. त्या आवाजाने इंग्लंडातील मुले कोचाच्या मागे दडत. आवाज कोणाचा हे क्वचितच कोणाला ठाऊक असे. अँडी पँडी आणि त्यानंतरचे हे कार्यक्रम फिल्मवर घेतलेले होते, म्हणून तेच ते भाग वर्षानुवर्षे पुन्हा दाखविता आले, आणि एकामागून एक पिढ्यांनी ते पाहिले. मफिनला ही सोय मोठ्या प्रमाणावर लाभली नाही. त्याच्या बहुतेक रविवारी जे घडले ते हवेत विरले. होगार्थबाईंच्या कामाचे मोल आज करणे कठीण जाते याचे एक कारण हेही आहे. अदृश्य माणसाचे काम, आणि तेही न साठविलेले!

दूरचित्रवाणीचा तो काळ मागे पडल्यावर हे दांपत्य पुन्हा आपल्या मूळ धंद्याकडे वळले; खरे म्हणजे तो त्यांनी सोडलाच नव्हता. देशात आणि परदेशांत त्यांनी बाहुल्यांचे खेळ केले. बसेल यांनी या अनुभवांवर पुस्तके लिहिली. त्यांतील ‘द पपेट्स अँड आय’ हे १९५० चे आणि ‘थ्रू वुडन आइज’ हे १९५६ चे. १९२९ मध्ये प्राग शहरी स्थापन झालेल्या, सर्व जगातील बाहुलीकारांच्या ‘युनिमा’ या संघाचे ते काही वर्षे अध्यक्षही होते. होगार्थबाई १९९३ मध्ये डेव्हन परगण्यात वारल्या.

त्यानंतर तीन वर्षांनी, १९९६ मध्ये, ब्रिटिश टपाल खात्याने मुलांच्या दूरचित्रवाणीस ५० वर्षे झाली म्हणून पाच तिकिटांचा एक संच काढला. त्यातील २० पेन्सचे तिकीट मफिनचे होते. युद्धापूर्वीचा ‘फॉर द चिल्ड्रेन’ जमेस धरला तर हा हिशेब नऊ वर्षांनी चुकतो. पण टपाल खात्याने आरंभ धरला तो खेचरापासून. २००५ मध्ये बी. बी. सी. च्या मुलांच्या वाहिनीवर मफिनची नवी चित्रमालिका आली. ती रेखाटलेल्या चित्रांची होती, त्यामुळे दोऱ्या नव्हत्या, पियानोमागील आडपडदाही नव्हता, आणि मफिन त्यात बोलू लागला होता.

जुन्या कार्यक्रमांपैकी जे थोडे भाग फिल्मवर वाचले आहेत ते पाहण्याचा योग आला, तर एक करून पाहावे. पहिल्या वेळी मिल्सबाईंकडे आणि गाण्याकडे लक्ष जाते, ते जाऊ द्यावे. दुसऱ्या वेळी आवाज बंद करून केवळ खेचराच्या मानेकडे पाहावे. मिल्सबाई बोलत असताना, ज्या वेळी खेचराला काहीच काम नसते त्या वेळीही, मान किंचित वळलेली असते. ते ऐकत असते. पियानोवर बोटे पडण्यापूर्वी क्षणभर आधीच त्याच्या पाठीत थोडा ताठपणा येतो, आणि मग पुढचे दोन पाय उचलले जातात.